पुढची कॅसेट

त्या निवेदकाचं नाव मी लिहिणार नाही. आमच्या भागात तो सगळ्यांना ठाऊक आहे. त्याचं नाव माझ्या हातून कागदावर उमटावं एवढी त्याची लायकी नाही, असं मी कैक दिवस म्हणत होते. आता तसं म्हणत नाही, तरीपण नाव लिहिणार नाही.

बारामती-इंदापूर पट्ट्यात निवेदकाशिवाय लग्न होत नाही. माईक हातात घेऊन तो पाहुण्यांचं स्वागत करतो, फेटे कुणाला, नारळ कुणाला, कोण कुठला सरपंच, कोण कुठल्या सोसायटीचा चेअरमन, सगळं घडाघडा सांगतो. पण हे वरवरचं झालं. त्याचं खरं काम निराळंच असतं. मुहूर्त टळून गेलाय, पुढारी यायचाय, पत्र्याखाली उकडून निघतंय, भटारखान्यातून वास सुटलाय आणि मांडवभर माणसं मुठीत अक्षता धरून बसलीत. त्यांना बसतं ठेवायचं, उठू द्यायचं नाही, हे ते काम. त्यासाठीच त्याला बोलावतात.

बाकीचे निवेदक चारोळ्या म्हणतात, नवराबायकोचे शिळे विनोद करतात. यानं स्वतःची एक रीत काढली. लोक तिला ‘पुढची कॅसेट’ म्हणतात. लग्न लागायचं असतंय अजून, आणि हा ते लागून पन्नास वर्षं झाल्याचं सांगायला लागतो. नवरी म्हातारी झालीय, अंगणात बाजेवर बसलीय, आणि नात तिला विचारते, आजी, तुझं लगीन कसं झालं गं? मग हा म्हातारीचा आवाज काढतो.

“काय सांगू बाये तुला, असं ऊन पडलं हुतं, असा मांडव भरला हुता. म्होरल्या वळीत एक तात्या बसलं हुतं, पिवळा फेटा बांधून, सारखं आपलं घड्याळ बघायचं. लई तापट माणूस. जाऊन तीस वर्सं झाली त्यांना. पर त्या दिवशी काय हसलं हुतं.”

आणि पुढच्या ओळीतला पिवळ्या फेट्याचा तात्या, जो खरंच मघापासून घड्याळ बघत असतो, तो स्वतःचं मरण ऐकून पोट धरून हसतो. मग निवेदक एकेकाला निवडून मारत जातो. वाढप्यांवर ओरडणारा आबा, पोराला दामटून बसवणारी मावशी, हार घेऊन ताटकळलेला सोसायटीचा सेक्रेटरी. कोण कशानं गेला, तेही सांगतो. माणसं माना वर करून बघतात, आपल्याला कधी मारतोय म्हणून. ज्याला मारलं त्याला शेजारचे टाळ्या देतात.

मी जिल्हा परिषदेच्या शाळेत आयुष्यभर पोरांना गोष्टी सांगितल्या. जेवणाच्या सुट्टीआधी पोरं जागेवर ठेवणं काय असतं, ते मला विचारा. त्यामुळे हा काय करतो, ते मला पहिल्याच वेळी कळलं. वाट बघताना माणसाला एकच गोष्ट छळते, ही वाट संपणार कधी ते कळत नाही. हा ती आधीच संपवून टाकतो. मग समोर चाललेल्या लग्नात माणूस जुनी आठवण ऐकत बसल्यासारखा बसतो, आणि आठवणीत कुणाला भूक लागत नाही की घाम येत नाही. सुप्याच्या एका लग्नात मी त्याला पहिल्यांदा ऐकलं. उठले तर पायाला मुंग्या आलेल्या. म्हटलं, पाव तास झाला असेल. शेजारणीनं मोबाईल पुढं केला, तर दुपार कलली होती. मी घरी येऊन सांगितलं, माझ्या लेकीच्या लग्नाला हाच माणूस पाहिजे.

लेक एकुलती एक. आणि तिला मामाही एकच, माझा धाकटा भाऊ. निरवांगीला शेती करायचा. आई गेली तेव्हा तो चौथीत होता, त्याच्या डोक्याला तेल लावण्यापासून त्याच्या अंगाला हळद लावण्यापर्यंत सगळं मी केलं. अंगानं असा आडवा, की दारातून आला की घरातला उजेड कमी व्हायचा. आमच्यात ‘नवरीच्या मामांनी नवरीला घेऊन यावं’ असं माईकवर पुकारलं की मामा तिला हाताला धरून आणतो आणि अक्षता पडेपर्यंत तिच्या पाठीशी उभा राहतो. सुपारी फुटल्यापासून तो मला फोनवर चिडवायचा, “आक्का, आसा हुबा ऱ्हाईन, फोटोत नवरा दिसायचा न्हाय.” मी म्हणायची, पोट आत घे म्हणजे झालं.

त्या दिवशी सकाळी तो आणि भावजय शेजाऱ्याच्या गाडीतून निघाले. कळंबच्या पुढं त्याला घाम फुटला, छातीत कळ आली. शेजारी शहाणा माणूस, त्यानं गाडी कुठं थांबवली नाही, थेट बारामतीच्या दवाखान्यात घातली. आमचं लग्नाचं कार्यालय त्याच रस्त्याला. म्हणजे आमच्या दारावरून माझा भाऊ गेला, आणि मी त्या वेळी दारात उभी राहून कुणाला तरी गुलाबपाणी नीट शिंपड म्हणून बोलत होते. हे मला नंतर कळलं. सगळंच नंतर कळलं. पण मी इथं जसं घडलं तसं सांगते, नाहीतर मीही त्या निवेदकासारखीच व्हायची.

डॉक्टर म्हणाले, झटका मोठा आहे, काही सांगता येत नाही. भावजयीनं माझ्या दिराला फोन लावला. भाऊ शुद्धीवर होता. त्यानं खाटेवरूनच तिला सांगितलं, “आक्काला अक्षता पडूस्तवर कायबी कळू देऊ नका म्हणावं. पडल्या की लगीच लावून द्या तिला.” माझ्या भावाची एवढीच मागणी. त्यातलं पहिलं वाक्य आमच्या घरच्यांनी जीव लावून पाळलं.

कार्यालयापासून दवाखाना पंधरा मिनिटांवर. मुहूर्त बारा पस्तीसचा. अक्षता वेळेवर पडल्या असत्या तर एकच्या आत मी त्याच्या उशाशी असते. तो वाट बघत होता आणि त्याच्याकडं वेळ थोडा होता, हे माझ्या नवऱ्याला माहीत होतं, दिराला माहीत होतं. मला आणि लेकीला माहीत नव्हतं.

मी दिराला विचारलं, “भावजी, मामा कुठवर आलाय बघा की.” तो म्हणाला, “कळंबला गाडी पंक्चर झालीया, वहिनी. येतोय. आन त्यो फोन द्या हिकडं. आज तुमी नवरीची आई, फोन उचलत बसू नका.” मी दिला. मला वाटलं, किती काळजी करतो बिचारा.

बारा पस्तीस झाले. भटजी उभे राहिले, अंतरपाट घेऊन माणसं उभी राहिली, नवरा मुलगा पाटावर उभा राहिला. आणि माझ्या नवऱ्याला फोन आला की पुढारी निघालेत, थांबा. हा पुढारी म्हणजे फार कुणी मोठा नव्हे. नाव सांगितलं तर तालुक्याबाहेर कुणी ओळखणार नाही. दाट तीथ होती, त्याला त्या दिवशी जागोजागी अक्षता टाकायच्या होत्या. पण त्याच्या हातून अक्षता पडाव्यात ही माझ्या नवऱ्याची फार दिवसांची हौस, आणि व्याह्यांनाही ते पाहिजे होतं. अंतरपाट परत घडी करून ठेवला.

खोटं कशाला सांगू, मला आनंद झाला. पुढाऱ्याला उशीर होतोय म्हणजे तेवढ्यात माझा भाऊ पोचेल, असा मी हिशोब केला. मी मनातल्या मनात त्या पुढाऱ्याला म्हटलं, बाबा, अजून थोडा उशीर कर.

मग निवेदक पुढं झाला. त्याआधी माझा दीर त्याच्या कानात काहीतरी बोलला, ते मी बघितलं. दिरानं त्याला एवढंच सांगितलं होतं की मामाला उशीर झालाय, वहिनी काळजी करत्यात, मामाला गोष्टीत घ्या, म्हणजे त्या हसतील. दवाखान्याचं त्याला सांगितलं नाही. त्यानं मान हलवली, माईक तोंडाशी धरला आणि म्हातारीचा आवाज काढला.

“समदी आली हुती बाये, पर माझा मामाच येईना. गाडी कळंबाला पंक्चर. माझी आई बसलीया, येक डोळा माझ्याकडं, येक डोळा दाराकडं.”

सगळा मांडव माझ्याकडं वळला. मी पदर तोंडाला लावून हसले. तो थांबला नाही. आधी पुढच्या ओळीतले चार-पाच जण मारले, मग व्याह्यांना मारलं, मग माझ्या नवऱ्याला. “बाप माझा हौशी. पुढाऱ्याची वाट बघून बघून थकला आन त्यातच गेला,” असं म्हणाला तेव्हा तर माणसं खुर्चीवरून पडायची बाकी राहिली. आणि मध्ये मध्ये मामा. मामा जंक्शन गावाला आला. मामा लासुर्ण्याला आला, तिथं त्यानं चहा घेतला, कारण चहाबिगर त्याचं चाक फिरत न्हाय. हे कुणी सांगितलं त्याला? कुणी सांगितलं नव्हतं. अंदाजानं मारलं होतं. पण माझा भाऊ खरोखर लासुर्ण्याला चहाला थांबायचा, प्रत्येक खेपेला, आणि मला तो टपरीवर उभा असलेला दिसायला लागला. बशीत ओतून पिणारा. माझी काळजी गेली. खरं सांगते, त्या क्षणी माझा भाऊ मला लासुर्ण्याला दिसत होता.

“मग काय झालं आजी?”

“मग काय व्हतंय. आला की मामा. आसा आला, मांडवाचं दार भरून गेलं. आल्या आल्या म्हणला, आक्का, पाणी दे.”

बँडवाल्यांना त्यानं आधीच खूण करून ठेवलेली असते. दणका उडाला. मग त्यानं भटजींना हात जोडले, आणि भटजीही रंगात आलेले, त्यांनी खणखणीत आवाजात एक मंगलाष्टक म्हटलं. मांडवानं साथ दिली. ‘शुभमंगल सावधान’ झालं. काही बायांनी तर गमतीत चार-चार दाणे टाकलेसुद्धा. टाळ्या, शिट्ट्या, परत बँड. आणि त्या गदारोळावर म्हातारीचा आवाज, “पडल्या बाये अक्षता. मामानं माझ्या डोक्यावर हात ठिवला. लागलं माझं लगीन.”

मग नात विचारते, आजी, त्यातलं आता कोण कोण हाय गं? आणि म्हातारी सुस्कारा टाकून म्हणते, “कोण न्हाय बाये. बाप गेला, आई गेली, वऱ्हाड गेलं. येक मामा तेवढा हाय. शंभरीला टेकलाय. परवाच येऊन ऊस खाऊन गेला. दात शाबूत.”

मी इतकी हसले की डोळ्यांतून पाणी आलं. स्टेजच्या कडेला माझा नवरा उभा होता, त्यानं रुमाल तोंडाला लावला. मला वाटलं, तोही हसतोय.

त्यानंतर अजून बरंच झालं म्हणतात. म्हातारीनं नातीला जेवणावळ सांगितली, पाठवणी सांगितली, सासरचं पहिलं वर्ष सांगितलं. मला त्यातलं थोडं आठवतं. एकदम गलका झाला, पुढारी आले. भटजी लगबगीनं उभे राहिले. दीर मला म्हणाला, “वहिनी, तुमच्या चुलतभावाला हुबा करतो मामा म्हणून. पुढाऱ्यांना म्होरं जायचंय.”

मी भडकले. मी म्हटलं, “पुढाऱ्यासाठी एवढं थांबला, माझ्या भावासाठी धा मिनटं थांबवंना व्हय तुमाला?”

नवरा जवळ आला आणि हळू आवाजात म्हणाला, “अगं, अडीच वाजून गेल्यात.”

मला वाटलं, फेकतोय. मला ते खरंच वाटलं नाही. माझ्या हिशोबानं मुहूर्त टळून पाव तास झाला होता, फार तर अर्धा. माझ्या मुठीतल्या अक्षता घामानं चिकटून त्यांचा गोळा झाला होता, तरी मला समजलं नाही. अंतरपाट धरला गेला, माझा चुलतभाऊ लेकीच्या पाठीशी उभा राहिला, बारीक अंगाचा, नवरा मुलगा अगदी स्वच्छ दिसत होता. अक्षता पडल्या, या वेळी खऱ्या.

आता मला लावून द्यायचं होतं. पण अक्षता पडल्यावर पुढाऱ्याचा सत्कार राहिला होता. मग त्याचं भाषण. मग दीर आणि नवरा आपसात म्हणाले की पंगत उठू द्या, व्याह्यांची माणसं बसलीत, आत्ता सांगितलं तर ताटावरून उठतील. पंगत उठल्यावर म्हणाले, पाठवणी होऊ दे, पोरगी रडत सासरी जाईल, अपशकुन. एक रेघ मारायची, तिथं पोचलं की ती पुसून पुढं दुसरी मारायची, असं त्यांनी संध्याकाळपर्यंत चालवलं. लेक गाडीत बसली. तिनं मला विचारलं, “मामा शेवटी आलाच न्हाय व्हय गं?” मी म्हटलं, “येऊ दे, त्याला बघते मी.” गाडी गेली. मग नवऱ्यानं माझा हात धरला आणि सांगितलं.

भाऊ दुपारीच गेला होता. पुढारी भाषण करत होता तेव्हा.

नवरा म्हणाला, “तुला आधी सांगितलं असतं, तर तू मांडवातनं उठून गेली असतीस.”

“गेलेच असते.”

“मग लग्नाचं काय?”

“मामाबिगर लागलं की लगीन. आईबिगर लागलं नसतं व्हय?”

दिरानं नुसते हात चोळले, म्हणाला, “मला वाटलं, एवढ्यात काय हुत न्हाय.” एका घरात राहतो आम्ही. मी दिराला जेवायला वाढते, नवऱ्याच्या गोळ्या वेळेवर देते. पण ती दोघं एकत्र बसून बोलायला लागली की मी तिथं थांबत नाही. मला सारखं वाटतं, ही दोघं आता अजून काय लपवतायत.

चौथ्या दिवशी मी निरवांगीहून घरी आले होते, तेव्हा निवेदक आमच्या उंबऱ्याशी येऊन बसला. आत ये म्हटलं नाही, चहासुद्धा विचारला नाही. तो म्हणाला, “बाई, मला कुणी सांगितलं न्हवतं. मला वाटलं, उशीर झालाय नुसता.” मी त्याला म्हटलं, “तुला काय, तू तर सगळ्यांनाच मारतोस. एकाला तेवढं जित्तं ठेवलंस, आणि तोच गेला.” तो उठला, चपला घातल्या आणि गेला. त्याचा यात दोष नाही, हे मला तेव्हाही कळत होतं. पण माझ्या हाताला तेवढाच लागत होता.

खरी गोष्ट इथून पुढं आहे.

निरवांगीला मी त्याच रात्री पोचले होते. भावजयीनं मला बघितलं आणि तोंड फिरवलं. मी तिच्या गळ्यात पडायला गेले तर ती मातीच्या ढिगासारखी बसून राहिली, हात उचलला नाही. मला वाटलं, दुःखानं सुन्न झालीय. पण दुसऱ्या दिवशीही तेच, तिसऱ्या दिवशीही तेच. येणाऱ्याजाणाऱ्या सगळ्यांशी बोलायची, पाणी द्यायची, कसं झालं ते सांगायची. मी जवळ गेले की गप्प. एकदा मी तिच्या पुढ्यात चहाचा कप ठेवला, तर तिनं तो उचलून चुलत जावेला दिला. म्हटलं, माझ्या लेकीच्या लग्नाला निघाला आणि गेला, म्हणून माझा राग धरलाय. तसं असलं तरी तिचा राग वाजवी आहे, असं म्हणून मी खालमानेनं राहिले.

दहावा नीरेच्या काठी घाटावर झाला. प्रवचन झालं, श्रद्धांजलीची भाषणं झाली, पिंडाला कावळा शिवला. माणसं पांगली, बायका एका बाजूला बसल्या होत्या, मीही होते, भावजय माझ्याकडं पाठ करून होती. तिथंच पायरीवर व्याह्यांकडचे दोन पाहुणे मोबाईलवर काहीतरी बघत होते. लग्नातला तो तुकडा कुणीतरी चित्रित केला होता आणि तो सगळ्या पट्ट्यात फिरत होता. ‘मामा शंभरीला टेकलाय’ म्हणून. ते बिचारे गंमत म्हणून बघत नव्हते, एकजण दुसऱ्याला दाखवत होता की बघा, नशिबाचा खेळ कसा असतो. आवाज बारीक होता, पण बँडचा दणका ऐकू आला, आणि मागोमाग मंगलाष्टक.

भावजय ताडकन उठली. सरळ त्या पाहुण्यासमोर जाऊन उभी राहिली.

“ह्ये कवाचं?”

पाहुणा गडबडला. “लग्नातलं, वहिनी. अक्षतांच्या आधीचं. निवेदक गंमत करत हुता.”

“आधीचं?”

“व्हय. अक्षता लई उशिरा पडल्या, पुढारी आल्यावर.”

तिनं त्याच्या हातातून मोबाईल घेतला आणि पहिल्यापासून लावला. उभ्यानंच सगळं ऐकलं, शेवटच्या टाळ्यांपर्यंत. मग मोबाईल परत दिला आणि माझ्याजवळ येऊन खाली बसली. दहा दिवसांत पहिल्यांदा तिनं माझ्याकडं सरळ बघितलं.

“वन्स, तुमाला कवा सांगितलं?”

“लेक गाडीत बसल्यावर.”

“दुपारी न्हाय?”

“न्हाय.”

तिनं डोक्यावरचा पदर ओढून घेतला. आणि मग ती बोलायला लागली. अजिबात न रडता, जसं कुणी बाजारात काय झालं ते सांगावं तसं.

ती म्हणाली, “ह्ये सारखं इचारायचं, पडल्या का. मी तुमच्या भावजींना फोन लावला. त्यांनी उचलला, पर मांडवात दंगा, त्यास्नी माझं काय ऐकूच जाईना. म्हणलं, तुमीच ऐका, चाललंय हितं, आन फोन न ठेवताच खिशात घातला वाटतं. मग समदं ऐकू यायला लागलं. ह्ये म्हणलं, मोठ्यानं कर. मी फोन त्यांच्या उशाला ठिवला. मामा आला म्हणून कोणतरी सांगत हुतं, ह्ये म्हणलं, चुलतभावाला हुबा केला असंल, बरं झालं. मग बँड वाजला. मंगलाष्टक झालं. टाळ्या झाल्या. माईकवर म्हणलं, पडल्या अक्षता. ह्यांनी डोळं मिटून हात जोडलं. म्हणलं, लागलं पोरीचं लगीन. आता आक्काला बोलव.”

मी तिचा हात धरला. तो हात तिनं तसाच राहू दिला.

“मी त्यो फोन लगीच तोडला, तुमच्या भावजींना परत केला, तुमच्या फोनवर बी केला, कुणी उचलला न्हाय. मग भावजींना मेसेज टाकला, अक्षता पडल्या, आता वन्सना लावून द्या. त्यांचा मेसेज आला, पाठवतो. मी ह्यांना वाचून दाखवला. मग ह्यांनी मला दार उघडं ठिवायला लावलं. दारातनं जिना दिसायचा. कोण बी चढून यायला लागलं की मान उचलायचं. नर्स म्हणायची, हलू नका. मग म्हणायला लागलं, गर्दी असंल, गाडी बाहेर काढता येत नसंल. मग म्हणलं, नवरीच्या आईला लवकर सोडत्यात व्हय कुठं. मी म्हणलं, येतील. मला बी वाटत हुतं येतील, पंधरा मिनटांचा रस्ता. पर वन्स, तास गेला. त्याच्यावर आनखी येक तास गेला असंल.”

पलीकडं नीरेच्या पाण्यात कुणीतरी फुलं सोडत होतं.

“मला तुमचा असा राग आला हुता, वन्स. म्हणलं, ही कसली भन. ह्यांनी राग न्हाय केला. शेवटाला म्हणलं, आक्का येत न्हाय आता. तिला तिचा कार्यक्रम हाय. दार लावून घे.”

“मग?”

“लावलं, वन्स.”